कागदावरचा स्वर : वनराज भाटिया यांचं संगीत



ज्या शिक्षकांच्या स्मरणार्थ आपण दरवर्षी इथे जमतो, त्यांनी आयुष्यभर मुलांना गाण्याबरोबर स्वरलेखनही शिकवलं. म्हणून यंदाच्या व्याख्यानासाठी मी असा संगीतकार निवडला, ज्याचं संगीत आधी कागदावर लिहिलं जाई आणि मग वाजे. वनराज भाटिया.

हे नाव घेतल्याबरोबर तुमच्यापैकी काहींना ‘भारत एक खोज’ आठवलं असेल, काहींना ‘मंथन’मधलं प्रीती सागर यांनी गायलेलं गाणं. थोड्या जणांना ते पाश्चात्त्य पद्धतीच्या मैफली संगीताचे रचनाकार म्हणून ठाऊक असतील. आपल्याकडे त्यांच्याविषयी जे बोललं जातं ते याच दोन कप्प्यांत. सिनेमावाले म्हणतात, समांतर चित्रपटांचे संगीतकार. पाश्चात्त्य संगीताच्या वर्तुळातली माणसं म्हणतात, बिचाऱ्यांना पोटासाठी सिनेमा आणि जाहिराती कराव्या लागल्या. मला हे दोन्ही सूर पटत नाहीत. ‘भूमिका’ची गाणी करणारा आणि पियानोसाठी फ्यूगसारखी पाश्चात्त्य रचना लिहिणारा माणूस एकच होता, आणि दोन्हीकडे तो एकाच प्रश्नाशी झगडत होता. तो प्रश्न काय, हे आज मांडायचा प्रयत्न करतो.

आधी थोडं घडणीविषयी. भाटियांचा जन्म ३१ मे १९२७ रोजी मुंबईत, एका कच्छी व्यापारी कुटुंबात झाला. लहानपणी ते हिंदुस्थानी संगीत शिकले ते प्रा. बा. र. देवधरांच्या शाळेत. देवधर मिरजेचे, विष्णु दिगंबर पलुसकरांचे शिष्य. गिरगावात ऑपेरा हाउसजवळची त्यांची शाळा ही मराठी संगीतविश्वातली केवढी मोठी जागा, हे या सभागृहात सांगायला नको. कुमार गंधर्व तिथेच घडले. देवधरांनी स्वतः पाश्चात्त्य संगीताचा अभ्यास केला होता, आवाजाच्या शास्त्राचा केला होता आणि घराण्यांच्या भिंतींपलीकडे पाहण्याची त्यांची वृत्ती होती. अशा शाळेतून निघालेल्या मुलाला पुढे चायकोव्हस्कीचा पियानो कन्चेर्टो ऐकून वेड लागलं, यात मला विसंगती दिसत नाही. त्या शाळेची हवाच तशी मोकळी होती.

पियानोचे धडे त्यांनी मुंबईत डॉ. माणेक भगत यांच्याकडे घेतले. एल्फिन्स्टन कॉलेजातून इंग्रजी विषयात एम. ए. केलं आणि मग लंडनच्या रॉयल अकॅडमी ऑफ म्युझिकमध्ये हॉवर्ड फर्ग्युसन, अ‍ॅलन बुश आणि विल्यम ऑल्विन यांच्याकडे रचनाशास्त्र शिकले. १९५४ साली सुवर्णपदक घेऊन तिथून बाहेर पडले आणि पॅरिसला नादिया बुलांजे यांच्याकडे गेले. बुलांजेबाईंचं नाव विसाव्या शतकाच्या संगीतात फार मोठं. अमेरिकेचा एरन कोपलंड, अर्जेंटिनाचा आस्तोर पियाझोला, पुढे फिलिप ग्लास, असे कितीतरी रचनाकार त्यांच्या हाताखालून गेले. पियाझोला टँगो वाजवणारा माणूस. ते लपवून तो सिंफनी लिहायला शिकू पाहत होता. तुझा खरा आवाज त्या टँगोतच आहे, हे बाईंनी त्याला दाखवून दिलं. त्यांची शिकवण मुख्यतः काउंटरपॉइंटची, म्हणजे एकाच वेळी चालणाऱ्या दोन, तीन, चार स्वतंत्र सुरावटी एकमेकींना न चिरडता कशा चालवायच्या, याची. १९५९पर्यंत भाटिया पॅरिसमध्ये होते. काउंटरपॉइंटच्या या विद्येकडे मी पुन्हा येणार आहे, कारण तिच्यावाचून त्यांचं सिनेमासंगीत कळत नाही.

१९५९ साली ते परतले. मुंबईत तेव्हा पगारावर चालणारा कायमचा सिंफनी वाद्यवृंद नव्हता. वादक मात्र होते, आणि उत्तम होते. ते सिनेमाच्या स्टुडिओत होते. त्यांतले पुष्कळसे गोव्याचे. चर्चच्या शाळांत सॉल्फेज, म्हणजे लिहिलेले स्वर वाचून गाणं, शिकलेले, समोर आपल्या वाद्याचा लिहिलेला पार्ट ठेवला की वाचून वाजवणारे. हिंदी सिनेमात संगीतकारानं चाल बांधायची आणि अरेंजरनं वाद्यमेळ लिहायचा, अशी कामाची वाटणी रूढ झाली होती. सेबॅस्टियन डिसोझा, फ्रँक फर्नांड, अँथनी गोन्साल्विस ही अरेंजर मंडळी किती मोठ्या योग्यतेची होती, याची दखल आपण फार उशिरा घेतली. गोन्साल्विस मूळचे माजोर्ड्याचे. त्यांनी १९५८ साली सेंट झेवियर्स कॉलेजच्या आवारात भारतीय रागांवर आधारलेल्या स्वतःच्या वाद्यवृंदरचना सादर केल्या. त्या कार्यक्रमात लता मंगेशकर आणि मन्ना डे गायले होते. भाटिया परतण्याच्या आदल्याच वर्षीची ही गोष्ट. म्हणजे जमीन अगदीच नापीक नव्हती. पण तो प्रयत्न पुढे चालवायला संस्था उभी राहिली नाही, आणि काही वर्षांनी गोन्साल्विस अमेरिकेला निघून गेले.

भाटियांचं वेगळेपण असं की ते चाल आणि वाद्यमेळ या दोन गोष्टी मुळातच वेगळ्या धरत नसत. कुठल्या वाद्यानं कुठे यायचं, कुठे गप्प बसायचं, खालचा स्वर कोणता, हे सगळं स्वतः लिहायचं. बुलांजेंच्या हाताखाली गेलेल्या माणसाला दुसरं काही सुचणंच शक्य नव्हतं.

सुरुवात मात्र जाहिरातींपासून झाली. शक्ती सिल्क साड्यांच्या जाहिरातीसाठी त्यांनी केलेलं संगीत हे भारतातल्या जाहिरातपटासाठी खास रचलेलं पहिलं संगीत मानलं जातं. पुढे लिरिल, गार्डन वरेली, ड्युलक्स अशा किती तरी. एकूण ७,०००च्या वर जाहिराती त्यांच्या नावावर सांगितल्या जातात. मधली काही वर्षं, १९६० ते १९६५, ते दिल्ली विद्यापीठात पाश्चात्त्य संगीतशास्त्राचे प्रपाठक होते. जाहिरातींच्या कामाला मी कमी लेखणार नाही. अर्ध्या मिनिटात सुरुवात, मध्य आणि शेवट बसवायचा, आणि एकही स्वर फुकट जाऊ द्यायचा नाही, हा रियाझ त्यांना आयुष्यभर पुरला. दिग्दर्शक श्याम बेनेगलही जाहिरातपटांच्याच जगातून आले होते, आणि १९७४ साली ‘अंकुर’साठी त्यांनी भाटियांना घेतलं. पूर्ण लांबीचा दोघांचाही हा पहिला चित्रपट.

आता तो प्रश्न. राग आणि हार्मनी यांचं करायचं काय?

आपल्या रागसंगीतात षड्ज अढळ असतो. तंबोरा लागला की तो मैफल संपेपर्यंत हलत नाही, आणि प्रत्येक स्वर त्या षड्जाशी असलेल्या नात्यानं ओळखला जातो. युरोपीय हार्मनीत नेमका तो आधारच हलता असतो. स्वरसंघात, म्हणजे कॉर्ड, बदलले की कानाला घर बदलल्यासारखं वाटतं, आणि त्या बदलातूनच रचना पुढे सरकते. म्हणून रागातल्या सुरावटीखाली कॉर्ड घातले की बहुतेक वेळा राग मरतो. उदाहरण तुम्ही घरी पेटीवर करून पाहू शकता. मारव्यातला कोमल रिषभ घ्या आणि त्याच्याखाली एखादा नेहमीचा मेजर कॉर्ड दाबा. रिषभाची ती टोचणी, षड्ज टाळत राहिल्यानं येणारी ती अस्वस्थता, सगळी एका क्षणात विझते. आज ‘फ्यूजन’ म्हणून जे कानावर पडतं, त्यातल्या बऱ्याचशा गोष्टींत हेच होतं. सतारीची एक लड, खाली गिटारचे कॉर्ड, बाजूला ड्रम्स. दोन्हीकडचं सर्वांत सोपं तेवढं उचललेलं.

यावर एक उपाय काउंटरपॉइंटमध्ये आहे. कॉर्डचा गठ्ठा न दाबता रागाच्याच स्वरांमधून दुसरी सुरावट काढायची आणि ती पहिलीच्या शेजारून चालवायची. भजनी मंडळात बुवा एक ओळ लांबवत असतात आणि टाळकरी खाली धरून राहतात. दोन्हींचा अर्थ एकच, चाल मात्र निराळी. तसंच काहीसं. यासाठी रागही नीट यावा लागतो आणि काउंटरपॉइंटही. भाटियांजवळ देवधरांची शाळा होती आणि पॅरिसही होतं. म्हणून मी त्यांच्या संगीताला मिश्रण म्हणत नाही.

‘भारत एक खोज’चं शीर्षकसंगीत या दृष्टीनं पुन्हा ऐका. नेहरूंनी मूळ ग्रंथ लिहिला आपल्या अहमदनगरच्या किल्ल्यात, कैदेत असताना. त्यावरून बेनेगलांनी दूरदर्शनसाठी ५३ भागांची मालिका केली, ती १९८८ साली सुरू झाली. रविवारी सकाळी घराघरांतून ते सूर ऐकू येत. सुरुवातीला ऋग्वेदाच्या दहाव्या मंडलातलं १२९वं सूक्त, नासदीय सूक्त. शेवटच्या श्रेयनामावलीसोबत त्याच मंडलातलं हिरण्यगर्भ सूक्त. संस्कृत ऋचा आणि त्यांचं वसंत देव यांनी केलेलं हिंदी रूप. मराठी आणि हिंदी या दोन्ही भाषांत सहज वावरणाऱ्या वसंत देवांचं ऋण इथे मुद्दाम नोंदवतो, कारण गाताना जिभेवर सहज बसेल असं सूक्ताचं भाषांतर करणं फार अवघड काम आहे.

रचनाकारासमोर सामग्री किती होती? वैदिक पठणात मुळात तीनच पातळ्या: उदात्त, अनुदात्त, स्वरित. एवढ्याशा भांडवलावर सृष्टीच्या आधीच्या काळोखाबद्दल विचारणाऱ्या सात ऋचांचं संगीत करायचं. दुसऱ्या कुणी इथे सतार, बासरी आणि मोठा आलाप घातला असता, आणि ऐकणाऱ्याला ‘प्राचीन भारत’ अशी पाटी दिसली असती. भाटियांनी पठणाचा तो जवळजवळ सपाट, आग्रही सूर तसाच ठेवला आणि त्याच्याभोवती समूहस्वर उभा केला. पुरुषांचे आवाज, मग स्त्रियांचे, एकावर एक चढणारे थर. सूक्तात उत्तर नाही, प्रश्नच आहेत; आणि संगीतही तुम्हाला कुठे नेऊन सुखरूप बसवत नाही. मैफलीच्या सभागृहात कोरससाठी लिहिलेली रचना म्हणून ती उभी राहील, याबद्दल मला शंका नाही. ती आपल्यापर्यंत टीव्हीच्या छोट्या पेटीतून आली, म्हणून तिचं वजन आपल्या लक्षात आलं नाही.

दुसरं उदाहरण ‘भूमिका’चं, १९७७. हंसा वाडकर यांच्या ‘सांगत्ये ऐका’ या आत्मकथनावरून निघालेला हा चित्रपट आपल्या भूमीतला आहे. त्यात एका अभिनेत्रीचं आयुष्य तीसच्या दशकापासून पुढे सरकतं, आणि ती ज्या सिनेमांत काम करते त्यांची गाणी अधूनमधून पडद्यावर येतात. म्हणजे संगीतकाराला वेगवेगळ्या काळांचं सिनेसंगीत नव्यानं रचायचं होतं. गाणी जुनी वाटली पाहिजेत, आणि जुन्या गाण्यांची नक्कल होता कामा नये. मजरूह सुलतानपुरी आणि वसंत देव यांचे शब्द होते. गळे कुणाचे निवडले पाहा. फिरोज दस्तूर: किराणा घराण्याचे, सवाई गंधर्वांचे शिष्य, आणि १९३३च्या ‘लाल-ए-यमन’मध्ये लहानपणी स्वतः गायलेले, अभिनय केलेले. सरस्वतीबाई राणे: अब्दुल करीम खाँसाहेबांच्या कन्या, चाळीसच्या दशकात पार्श्वगायिका म्हणून गाजलेल्या. जो काळ पडद्यावर उभा करायचा, तो ज्यांच्या गळ्यात शिल्लक होता अशाच माणसांना त्यांनी माइकसमोर उभं केलं. वारसा वापरायचा म्हणजे काय, याचं याहून चांगलं उदाहरण मला माहीत नाही. नव्या गायिकेला ‘जुन्यासारखं गा’ म्हणून सांगणं सोपं होतं.

बाकीच्या चित्रपटांवर मी फार थांबत नाही. ‘मंथन’ गुजरातच्या ५ लाख दूध उत्पादकांनी दोन-दोन रुपये घालून काढला. त्यातलं गाणं भाटियांच्या स्वतःच्या कच्छ-गुजरातच्या मातीतलं, आणि त्यासाठी प्रीती सागर यांना फिल्मफेअर पारितोषिक मिळालं. ‘कोंडुरा’ चिं. त्र्यं. खानोलकरांच्या कादंबरीवरचा. ‘३६ चौरंगी लेन’मध्ये कलकत्त्यातल्या एकाकी अँग्लो-इंडियन शिक्षिकेचं जग, तिथे पाश्चात्त्य वळणाचं संगीत पाहुणं वाटत नाही, ते तिच्या घरातलंच आहे. ‘मंडी’त जुन्या उर्दू शायरांच्या रचना आशा भोसले यांच्या आवाजात. आणि गोविंद निहलानींचं ‘तमस’, फाळणीचं. त्याच्या शीर्षकासोबत येणारी ती आर्त हाक ज्यांनी १९८८ साली ऐकली, ते ती विसरणार नाहीत. ‘तमस’साठी त्यांना राष्ट्रीय पुरस्कार मिळाला.

‘त्रिकाल’बद्दल मात्र दोन वाक्यं बोलायलाच हवीत. १९६१ साली पोर्तुगीज राजवट संपण्याच्या उंबरठ्यावरच्या गोव्याची ही गोष्ट, लोटलीतल्या मारियो मिरांडांच्या घरात चित्रित झालेली. रेमो फर्नांडिस आणि अलिशा चिनॉय त्यात गायले. गोव्यात राग आणि हार्मनीचा हा सगळा प्रश्न लोकांनी केव्हाच आपल्या परीनं सोडवला होता: मांडो कोंकणीत असतो, त्याचा भाव आपल्या मातीचा असतो, आणि तो दोन आवाजांत, हार्मनीत गायला जातो. राग आणि हार्मनी एकत्र नांदूच शकत नाहीत असं ठाम सांगणाऱ्यांनी एकदा दक्षिण गोव्यातल्या एखाद्या घरी मांडो ऐकावा.

आता मैफली संगीत. पियानोसाठी ‘फँटसिया अँड फ्यूग इन सी’, १९९९. तंतुवाद्यांसाठी ‘सिन्फोनिया कॉन्सर्टान्ते’, २००१. ‘रेव्हरी’, जी २०१९च्या जानेवारीत चेलोवादक यो-यो मा यांनी मुंबईत वाजवली. आणि ऑपेरा ‘अग्निवर्षा’, गिरीश कार्नाड यांच्या नाटकावरून, म्हणजे महाभारताच्या वनपर्वातल्या यवक्रीताच्या कथेवरून. तपाच्या बळावर विद्या मिळवू पाहणारा यवक्रीत, यज्ञ, सूड, पाऊस. ऑपेराला याहून अस्सल भारतीय कथानक कुठलं मिळणार? त्याचे पहिले दोन अंक २०१२ साली सादर झाले. ते मुंबईत नाही, पुण्यात नाही, कार्नाडांच्या धारवाडात किंवा बंगळुरात नाही. न्यूयॉर्कमध्ये झाले.

या तारखांकडे पाहा. १९५४ साली लंडनमध्ये सुवर्णपदक मिळवलेल्या रचनाकाराच्या ज्या मैफलीरचनांची नावं आज घेतली जातात, त्या बऱ्याचशा त्यांच्या सत्तरीनंतरच्या आहेत. मुंबईत सिंफनी ऑर्केस्ट्रा ऑफ इंडिया नॅशनल सेंटर फॉर द परफॉर्मिंग आर्ट्समध्ये (एनसीपीए) सुरू झाला तो २००६ साली. भाटिया तेव्हा ७९ वर्षांचे होते. नाटककाराला नट लागतात तसे या रचनाकाराला वादक लागतात, सराव लागतो, छापलेले पार्ट लागतात. लिहिलेलं वाजलंच नाही, तर लिहिणाऱ्याला आपलं काय चुकलं आणि काय साधलं हेही कळत नाही. हे सगळं त्यांना मिळालं ते सिनेमात. स्टुडिओत सकाळी लिहिलेलं दुपारी वाजत होतं. म्हणून त्यांच्या रचनाविद्येचा मोठा वाटा सिनेमात उतरला, आणि त्याबद्दल हळहळ करण्याऐवजी ते संगीत रचना म्हणून ऐकणं, हे आपलं काम आहे.

हळहळ दुसऱ्या गोष्टीची करायला हवी. त्यांना संगीत नाटक अकादमीचा पुरस्कार १९८९ साली मिळाला, पद्मश्री २०१२ साली. पण शेवटच्या काही वर्षांत त्यांना पैशांची तीव्र चणचण होती, हे वर्तमानपत्रांतून आपण सर्वांनी वाचलं. हजारो जाहिराती, चाळीसेक वर्षांचं सिनेमाकाम, घराघरांत पोचलेली शीर्षकगीतं, आणि हातात काही नाही. हे त्या एका माणसाचं दुर्दैव म्हणून सोडून देता येणार नाही. आपल्याकडे संगीतकाराला एकदा मोबदला दिला की पुढे ती रचना किती वेळा, कुठे वाजली याच्याशी त्याचा संबंध उरत नसे. २०१२ साली कॉपिराइट कायद्यात दुरुस्ती झाली आणि चित्रपटगृहाबाहेर गाणं वापरलं गेल्यास गीतकार-संगीतकारांचा रॉयल्टीतला वाटा निर्मात्याला लिहून देता येणार नाही, अशी तरतूद आली. भाटिया त्या वर्षी ८५ वर्षांचे झाले. ७ मे २०२१ रोजी ते गेले. करोनाच्या दुसऱ्या लाटेचे दिवस होते. श्रद्धांजलीची सभा भरवावी, चार लोकांनी बसून त्यांचं संगीत ऐकावं, तेही तेव्हा शक्य नव्हतं.

२०२४ साली ‘मंथन’ची नव्यानं जतन केलेली प्रत कान महोत्सवात दाखवली गेली. चित्रपटाची फीत वाचवायची असते, हे आता आपल्याला कळलं आहे. त्या चित्रपटाच्या संगीताचे लिहिलेले कागदही वाचवायचे असतात, हे अजून कळायचं आहे. ध्वनिमुद्रण असताना कागद कशाला, असं कुणी विचारील. ध्वनिमुद्रण म्हणजे एका दिवशी, एका स्टुडिओत झालेलं एक वादन. कागद असेल तर ती रचना दुसरा वाद्यवृंद वाजवू शकतो, दुसऱ्या पिढीचा विद्यार्थी तिचा अभ्यास करू शकतो, तिच्याशी भांडू शकतो. आपल्या विद्यापीठांच्या संगीत विभागांत बंदिशींचा अभ्यास होतो, तो व्हायलाच हवा. पण भारतीय रचनाकाराच्या वाद्यवृंदरचनेचं एक पान तरी विद्यार्थ्यांसमोर ठेवलं जातं का?

मला काय व्हावंसं वाटतं ते सांगून थांबतो. मुंबईत वाद्यवृंद आहे. पणजीला कला अकादमीत पाश्चात्त्य संगीताचा विभाग आहे आणि गोव्यात कोरसची पिढ्यान्‌पिढ्यांची सवय आहे. पुण्यात संस्कृत स्वच्छ उच्चारणारे, सुरात गाणारे तरुण शेकड्यांनी आहेत. या तिघांनी मिळून एका संध्याकाळचा कार्यक्रम करावा. पहिल्या भागात ‘सिन्फोनिया कॉन्सर्टान्ते’. मग ‘भूमिका’तली दोन गाणी, मूळ वाद्यमेळासह. आणि दुसऱ्या भागात नासदीय आणि हिरण्यगर्भ ही दोन्ही सूक्तं, मोठ्या समूहस्वरात, समोर वाद्यवृंद बसवून. कार्यक्रमपत्रिकेवर चित्रपटाचं नाव लहान अक्षरात आणि रचनाकाराचं मोठ्या अक्षरात छापावं. पैसे उभे करावे लागतील. त्या कामात मी माझ्याकडून होईल ते करीन, आणि आज इथे बसलेल्यांपैकी ज्यांना हात लावायचा असेल त्यांनी व्याख्यान संपल्यावर मला भेटावं.